तिला खिडकीबाहेर बघू द्या

आज डोकं फिरलंय. लिहिल्याशिवाय झोप लागायची नाही.

सकाळी उत्पन्नाच्या दाखल्यासाठी सेतूत गेले होते. दहावी-बारावीचे निकाल लागलेले, त्यामुळे ही गर्दी. छत्र्या गळतायत, सर्व्हर मधूनच बसतोय. कॉम्प्युटरवर माझी भाची. एक अर्ज पुरा करून तिने मान वळवली आणि खिडकीबाहेर पाहिलं. लगेच रांगेतले एक गृहस्थ खेकसले, "गो बाय, भायर काय बघतंस? रांग दिसणा नाय तुका?" लोक हसले. केंद्रचालकांनीही वर "समोर बघ" म्हणून सुनावलं. पोरीने मान खाली घातली ती मी निघेपर्यंत वर केली नाही.

अहो, ती टंगळमंगळ करत नव्हती. डॉक्टरांनी सांगितलेलं औषध घेत होती!

गेल्या वर्षी हीच पोर कामावरून आली की डोळे चोळत पडवीत बसायची. डोळ्यांत रेती गेल्यासारखं टोचतं म्हणायची. कपाळ ठणकायचं, रस्त्यापलीकडची पाटी धुरकट दिसायची. तालुक्याच्या एका चष्म्याच्या दुकानात गेलो, तर दुकानदाराने निळ्या-जांभळ्या उजेडाची छोटी बॅटरी काढली. साध्या काचेतून कार्डावर झोत मारला, कार्डावर डाग उमटला. मग त्याच्याकडच्या भारी काचेतून मारला, डाग नाही. "बघा ताई, स्क्रीनची किरणं अशी डोळे जाळतात." अडीच हजार रुपये! सेतूत बसणाऱ्या मुलीला पगार तो किती असतो, हे काय त्याला ठाऊक नव्हतं? त्या बॅटरीचा आणि हिच्या डोळ्यांतल्या जळजळीचा काही संबंध नाही. निळा उजेड अडवणाऱ्या चष्म्यांवर झालेल्या १७ चाचण्यांचा, उपचारांचे पुरावे तपासणाऱ्या कॉक्रेन या संस्थेने २०२३ साली आढावा घेतला. डोळ्यांचा थकवा त्याने कमी होतो असं काही त्यात दिसलं नाही. तरी विकतायत, आणि आपली माणसं घेतायत.

कणकवलीच्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी मात्र आधी विचारलं, "बसतेस कशी? पंखा कुठे असतो?" मग तपासलं. बारीकसा सिलिंड्रिकल नंबर निघाला (बुबुळाचा गोलवा सगळीकडून सारखा नसला की लागतो तो), त्याचा साधा चष्मा दिला. आणि समजावून सांगितलं ते असं: एरवी आपली पापणी मिनिटाला पंधराएक वेळा लवते, स्क्रीनकडे टक लावली की पाच-सात वेळाच, तीही बरेचदा अर्धवट. डोळ्यावरचं पाणी सुकतं ते त्यामुळे. शिवाय जवळचं बघताना डोळ्याच्या आतला स्नायू आवळलेला राहतो, तो सैल होतो लांब बघितल्यावरच. म्हणून दर २० मिनिटांनी, २० फुटांपलीकडे, निदान २० सेकंद बघायचं.

वीस सेकंद हो. रांगेत पुढच्या माणसाला पिशवीतून रेशनकार्ड शोधायला त्याहून जास्त वेळ लागतो.

तेव्हा मी स्वतः जाऊन तिचं टेबल बघितलं. खिडकी बरोबर स्क्रीनच्या मागे. पाऊस उघडला की ओल्या अंगणाचा लखलखाट थेट डोळ्यांवर. मॉनिटर झेरॉक्सच्या कागदाच्या दोन रिमांवर चढवलेला. म्हणजे नजर वर, आणि नजर वर गेली की डोळा जास्त उघडा राहून अजूनच सुकतो. आणि टेबलफॅन तोंडापासून दोन हातांवर, सरळ चेहऱ्यावर! कोकणची हवा दमट, इथे डोळे कसे सुकतील, असं कोणी म्हणेल. दमट आहे, कबूल. पण पापणीच लवत नसेल आणि वर पंख्याचा झोत असेल, तर सुकायचं ते सुकतंच.

फुकटात सगळं जमलं. टेबल फिरवून खिडकी बाजूला घेतली. रिमा काढल्या, स्क्रीनची वरची कड नजरेच्या किंचित खाली आली, अंतर हातभर. पंखा पायांकडे वळवला. कंट्रोल आणि प्लस दाबून अक्षरं मोठी केली. लोकांचे कागद टेबलावर आडवे पडायचे, ते स्क्रीनशेजारी क्लिपला उभे लावले. हळूहळू ते पडवीत डोळे चोळणं थांबलं. संध्याकाळी पोर पुन्हा आजीसोबत फुलं वेचायला जाऊ लागली, तेव्हा माझ्या बहिणीचा चेहरा बघायला हवा होता.

आणि आज त्या पोरीला भर रांगेत खाली मान घालायला लावली.

मान्य, रांगेतल्यांनाही घाई असते, मुदत संपत आलेली असते. जेवणाच्या सुट्टीत ही मुलं मोबाईलमध्येच डोकं घालतात, तेही खरं. भाचीला मी त्यावरून ओरडते. पण म्हणून तिने डोळे घालवायचे?

एक कळकळीने सांगते. डोळे लाल झाले की मेडिकलमधून मनाने ड्रॉप आणू नका. काहींत स्टिरॉइड असतं. चिठ्ठीशिवाय महिनोन्‌महिने घातलं तर डोळ्यातला दाब वाढून काचबिंदू होऊ शकतो, आणि गेलेली नजर परत येत नाही. चाळिशी ओलांडलेल्या तलाठीभाऊंनो, बँकेतल्या ताईंनो, हनुवटी वर करकरून चष्म्याच्या खालच्या भागातून स्क्रीन वाचताय, मान धरतेय ती त्यानेच. डॉक्टरांना कॉम्प्युटरचं अंतर मोजून सांगा, त्या अंतराचा नंबर मागा.

केंद्रचालक वाईट माणूस नाही. गेल्या वर्षी टेबल फिरवायला त्यांनीच हात लावला होता. उद्या सकाळी मी त्यांना भेटून सांगणार आहे, की खिडकीशेजारी एक पाटी लावा: ऑपरेटर दर वीस मिनिटांनी लांब बघतील, ओरडू नये. पाटी मी रंगवून आणते. बाजारातले, शाळेच्या ऑफिसातले, पतपेढीतले जे कोणी दिवसभर स्क्रीनपुढे बसता, त्यांनी बरोबर या. दहा वाजता, रिक्षा स्टँडवर.