पट्टणकुडीच्या लढाईबद्दल खुलासा

निपाणीजवळच्या पट्टणकुडी येथे सप्टेंबर 1799 मध्ये झालेली लढाई 'मराठी विरुद्ध कन्नड' अशी होती, असा संदेश सध्या व्हॉट्सअॅपवर फिरत आहे आणि तो न तपासता मीही पुढे पाठवला होता, याबद्दल मनापासून क्षमा मागतो. वस्तुतः कोल्हापूरकर छत्रपती आणि तासगावचे परशुरामभाऊ पटवर्धन यांच्यातील ती लढाई होती. चिकोडी-मनोळी महालांचा (म्हणजे महसुली प्रदेशांचा) ताबा हा त्यांच्यातील जुना तंटा होता. भाऊ याच रणांगणात पडले, हे मराठ्यांचा इतिहास लिहिणाऱ्या ग्रँट डफ या ब्रिटिश इतिहासकारानेही नोंदवले आहे. दोन्ही दरबारांचा पत्रव्यवहार मोडी लिपीतल्या मराठीतच चाले, त्यामुळे भाषेच्या वादाचा रंग या लढाईला देता येत नाही. शिवाय संदेशात हातकणंगले तालुक्यातील पट्टणकोडोलीचे छायाचित्र आहे. ते गाव वेगळे. कृपया तो संदेश पुढे पाठवू नये आणि पाठवला असल्यास त्याच गटात हा खुलासा टाकावा.