साडेनऊचे साडेदहा

परदेशी मुलांच्या फोनची वाट बघणाऱ्या आईवडिलांवरचा हा लेख वाचताना शेजारच्या काकूच डोळ्यांसमोर आल्या. मुलगा न्यू जर्सीत. नोव्हेंबरात तिकडचं घड्याळ मागे जातं आणि साडेनऊ तासांचा फरक साडेदहा होतो, हे आमच्या अख्ख्या सोसायटीत त्यांनाच पक्कं ठाऊक. रविवारी रात्री आठला मोबाइल समोर, आवाज मोठा, साडी इस्त्रीची (व्हिडिओ कॉल आलाच तर!). आला तर बोलणं चार मिनिटांचं: जेवलास का, थंडी किती. नाही आला तर म्हणतात, "झोपला असेल गं." तिकडे तेव्हा सकाळ असते, हे त्यांनाही ठाऊक असतंच. मी हल्ली कोशिंबिरीची वाटी घेऊन मुद्दाम जाते. गप्पा होतात, पण नजर मोबाइलवरच.