मुकुटवालीला बोलावलंत कशाला?

आठवडाभर चॅनेलच्या प्रोमोत एकच चेहरा, सौंदर्यस्पर्धा जिंकलेल्या बाईंचा. मुकुट, पट्टा, हात हलवणं. आणि कालच्या पाडवा विशेषमध्ये बाई उगवल्या कधी? पावणेअकराला! तोवर प्रत्येक ब्रेकआधी "लवकरच". जाहिरातींचा नियम तासाला 12 मिनिटांचा. यांचा तास कुठल्या घड्याळाचा, देव जाणे.

बरं, आली तर शिवलेली नऊवारी, चापूनचोपून अंबाडा आणि त्यावर तोच मुकुट! अहो, मुकुटाच्या कंगव्यांना धरायला खाली केस फुगवलेले लागतात, आडवे आकडे मारावे लागतात. चप्प बसवलेल्या केसांवर तो टिकणार कसा? त्यात तिला फुगडी घालायला लावली. दुसऱ्याच गिरकीला मुकुट कानावर. कट. पुढच्या शॉटमध्ये मुकुट सरळ, नथ गायब. दाबाची नथ ती, फुगडीत उडणारच. पुन्हा कट, नथ हजर! एडिटर झोपला होता की त्यालाही पहाटेपर्यंत ताटकळवलं होतं?

माइक लावला नेमका कोल्हापुरी साजाखाली. ती हलली की खर्रर्र. उत्तरातलं निम्मं त्यातच गेलं, उरलेलं विनोदवीराने खाल्लं. साडी नेसलेला पुरुष हा विनोद अजून किती वर्षं पुरवणार आहात? आणि प्रेक्षकांचं हसणं आधीच एकगठ्ठा शूट करून ठेवलेलं. पिवळ्या साडीतल्या काकू मुलाखतीतल्या रडक्या प्रसंगालाही टाळ्या पिटत खिदळत होत्या. एवढी चीड येते तर चॅनेल का नाही बदललं, असं विचारू नका. काकूंना चौथ्यांदा पकडायचं होतं. पकडलंच.

म्हणा, उगम थेट वरून आहे. 2021 मध्ये इस्रायलमधल्या इलात शहरात मिस युनिव्हर्सच्या मंचावरच हरनाझ संधूला प्राण्याचा आवाज काढायला लावला, तिने म्याव केलं. तेव्हापासून आमच्याकडे कुठलीही पट्टेवाली आली की आधी मिमिक्री, मग "कच्चा पापड, पक्का पापड". 1966 ची मिस वर्ल्ड रीटा फारिया ग्रँट मेडिकलची विद्यार्थिनी होती. नशीब, तेव्हा हे विशेष नव्हते. स्टेथोस्कोप देऊन विनोदवीराची धडधड ऐकायला लावली असती.

हातात माइक द्यायला काय होतं? दोन वाक्यं सलग ऐकू आली असती. पण नाही, दोन्ही हात फुगडीला मोकळे हवेत ना!

रविवारी दुपारी पुनःप्रक्षेपण आहे म्हणे. मेल्यांनो, निदान तेवढ्यात ती खरखर तरी काढा.