ॲलन रिकमनने ४२ व्या वर्षी सुरुवात केली नव्हती

आमच्या हौशी नाटकमंडळींच्या ग्रुपवर गेल्या आठवड्यात तोच फॉरवर्ड पुन्हा आला. ब्रिटिश नट ॲलन रिकमनने म्हणे डिझाइनचा धंदा बंद करून ४२ व्या वर्षी अभिनयाला सुरुवात केली. तोवर त्याला कुणी ओळखत नव्हतं, पहिल्याच सिनेमाने तो स्टार झाला आणि पुढे जन्मभर खलनायकच रंगवत राहिला. त्याखाली आमच्यातल्या २९ वर्षांच्या एका मुलाने लिहिलं, ‘म्हणजे माझ्याकडे अजून १३ वर्षं आहेत.’ ते वाचून मला राहवलं नाही.

यातलं खरं आधी सांगते. रिकमनचा जन्म २१ फेब्रुवारी १९४६ चा आणि त्याचा पहिला चित्रपट ‘डाय हार्ड’ लागला जुलै १९८८ मध्ये, म्हणजे तेव्हा तो ४२ वर्षांचा होता. एवढंच.

धंद्याचं म्हणाल, तर मित्रांबरोबर काढलेला डिझाइन स्टुडिओ त्याने सोडला तो विशीत. २६ व्या वर्षी त्याने लंडनच्या राडा या नाट्यशाळेला पत्र लिहून ऑडिशन मागितली आणि १९७२ मध्ये तिथे शिकायला लागला. खर्च भागवायला नायजेल हॉथॉर्न आणि राल्फ रिचर्डसन या मोठ्या नटांचा ड्रेसर म्हणून काम केलं. दुसऱ्याचे कपडे हातात घेऊन उभं राहण्यापासून सुरुवात केलेल्या माणसाला ‘उशिरा सुचलं’ म्हणणं मला सहन होत नाही.

‘कुणी ओळखत नव्हतं’ हे तर सरळ खोटं. राडानंतर तो शेफील्ड, बर्मिंगहॅमसारख्या शहरांतल्या रेपर्टरी नाट्यगृहांत (म्हणजे स्वतःची नटमंडळी ठेवून एकामागून एक नाटकं करणाऱ्या नाट्यगृहांत) कामं करत राहिला. १९७८ मध्ये बीबीसीच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’मध्ये टिबाल्ट झाला. १९८२ मध्ये ‘द बारचेस्टर क्रॉनिकल्स’ या मालिकेत त्याने बिशपचा लाळघोट्या धर्मगुरू ओबेदाया स्लोप केला. हा स्लोप पैसेवाल्या विधवेवर डोळा ठेवतो, बागेतल्या मेजवानीत तिला मागणी घालतो आणि थोबाडीत खातो. ब्रिटनमधल्या घराघरांत रिकमनचा चेहरा पोचला तो तेव्हा. मग १९८५ मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या ‘ले लिएझाँ दांजरोझ’मध्ये व्हाल्मोंची भूमिका आली. ते नाटक स्ट्रॅटफर्डहून लंडनला आणि १९८७ मध्ये न्यूयॉर्कला ब्रॉडवेवर गेलं, आणि रिकमनला टोनी या नाट्यपुरस्काराचं नामांकन मिळालं. ‘डाय हार्ड’वाल्यांनी त्याला पाहिलं ते या ब्रॉडवेच्या प्रयोगात. (याच नाटकावरच्या सिनेमात मात्र व्हाल्मों जॉन माल्कोविचला मिळाला. याची रुखरुख मला आजही आहे.)

‘पहिल्याच सिनेमाने स्टार’ म्हणणाऱ्यांनी ‘डाय हार्ड’मधला एकच प्रसंग पुन्हा पाहावा. दरोडेखोर हान्स ग्रुबर अचानक नायकाच्या समोर सापडतो. क्षणात त्याचा आवाज बदलतो, अंग आकसतं आणि ‘बिल क्ले’ नावाचा घाबरलेला अमेरिकन ओलीस उभा राहतो. पात्राच्या आत दुसरं पात्र, तेही प्रेक्षकांना सगळं माहीत असताना. सिनेमात नवखा असलेला माणूस हे करू शकला, कारण मागे चौदा वर्षांचं काम होतं. ग्रुबरला टोळीवाल्याच्या कपड्यांऐवजी सूट द्यावा, ही सूचनाही त्याचीच.

‘फक्त खलनायक’ यावर फार बोलायला नको. ‘ट्रूली, मॅडली, डीपली’मधला चेलो वाजवणारा मृत प्रियकर आणि ‘सेन्स अँड सेन्सिबिलिटी’तला अबोल कर्नल ब्रँडन पाहा. ‘हॅरी पॉटर’च्या आठ चित्रपटांतला स्नेप खलनायक होता का, हे शेवटपर्यंत बसलेल्यांना विचारा.

आता त्या मुलासाठी. २९ व्या वर्षी रिकमन राडातून बाहेर पडून रेपर्टरीत छोटी-मोठी कामं करत होता. आपली तालीम गुरुवारी सात वाजता आहे. ये.