वास्तव दुरुस्तीचं यंत्र घरी आणताना

एकदाचं यंत्र बाजारात आलंय, आता मागे राहू नका. वास्तवाचा ताणाबाणा कुठे सैल पडला असेल तर हे ताणून सुरात आणतं, उसवला असेल तर रफू करून देतं. इंदूरच्या महाराणी रोडला चौकशी करा, मिळेल. घासाघीस मात्र हिंदीत करा. मराठी ऐकून कुणी भाव पाडल्याचं इथे ऐकिवात नाही. घरी फ्रिजवर ठेवा, वर क्रोशाचं कव्हर घाला आणि स्टॅबिलायझर आठवणीने लावा. विश्व बिघडलं तर परत जुळवता येतं, मदरबोर्ड उडाला की हजारांत जातं.

आधी मनातली भीड काढा. सृष्टीच्या मापांना आपण कोण हात लावणार, वगैरे. अहो, मोठी माणसं केव्हाची लावताहेत. 1983 साली प्रकाशाचा वेग सेकंदाला 29,97,92,458 मीटर असा कायमचा ठरवून टाकला. आता कुणी मोजायला बसला आणि आकडा वेगळा आला, तर दोष त्याच्या मीटरचा. 16 नोव्हेंबर 2018 ला व्हर्सायमध्ये देशोदेशींच्या प्रतिनिधींनी चक्क मतदान करून किलोग्रॅमची व्याख्या बदलली. पॅरिसजवळच्या तिजोरीत जपलेला प्लॅटिनम-इरिडियमचा ठोकळा निवृत्त झाला, आणि 20 मे 2019 पासून जगाचा किलो प्लांकच्या स्थिरांकावर, म्हणजे निसर्गातल्या एका न बदलणाऱ्या आकड्यावर, चालू लागला. आमच्या वाण्याने त्या दिवशीही साखर पूर्वीइतकीच कमी दिली, म्हणजे व्यवहाराला काही धक्का लागत नाही.

पहिली दुरुस्ती वेळेची करा, सोपी आहे. भारताची प्रमाणवेळ 82.5 अंश पूर्व रेखांशाची, आणि इंदूर जेमतेम 76 च्या अलीकडे. अंशाला चार मिनिटं धरलीत तर आपला सूर्य घड्याळाच्या सुमारे 26 मिनिटं मागे रेंगाळतो. नाटकाची तिसरी घंटा होऊन पडदा वर गेल्यावर, अंधारात पाच जणांचे गुडघे ओलांडत 'सॉरी हं, सॉरी हं' करत खुर्ची शोधणाऱ्या कुटुंबांवर आजवर केवढा अन्याय झाला, बघा. यंत्रावर 'सूर्य' आणि 'मालक' अशा दोन कळा आहेत. सूर्याची फिरवा. मालकाच्या कळेवर कंपनीनेच सेलोटेप लावून दिलाय, तो काढायच्या भानगडीत पडू नका. अजून कुणी काढलेला नाही.

मागच्या बाजूला एक बारीक स्क्रू दिसेल, त्यावर 1/137 लिहिलंय. त्याला मुलांचा हात लागू देऊ नका. विजेची बळं किती जोरकस असावीत, हे त्या आकड्यावर ठरतं. तो जास्त सरकला तर ताऱ्यांच्या पोटात कार्बन नीट शिजणार नाही, आणि कार्बन नाही म्हणजे पोहे नाहीत, शेव नाही, त्यावर भुरभुरायचा जिरावण मसाला नाही. इतर शहरांना चालेल कदाचित.

घरगुती वापरात सगळ्यात जास्त मागणी जुन्या मानापानाच्या दुरुस्तीला. रामबागेतल्या दोन व्याह्यांकडे एकेक यंत्र आहे. लग्नात विहीणबाईंना दिलेली साडी सकाळी अस्सल महेश्वरी असते, दुपारी जेवणं झाली की सिंथेटिक निघते, दिवेलागणीला परत महेश्वरी. साडी बिचारी कपाटातल्या कपाटात घडीवर विरली. नेसली कुणीच नाही. दोन्ही घरं यंत्रावर खूश आहेत.

आता होळकरांचा राजवाडा. हे यंत्र घेतलेला प्रत्येक मराठी माणूस आठवड्याच्या आत राजवाड्याकडे वळतो. सात मजले, खालचे तीन दगडी, वरचे चार लाकडी. 1801, 1908 आणि 1984 अशा तीन आगी. पहिल्या दोन आगी यंत्र निमूटपणे मागे घेतं. तिसरीला मात्र अडतं. ती 1984 च्या शीखविरोधी दंगलीतली, त्यामुळे नुसते वासे जोडून भागत नाही. पडद्यावर प्रश्न येतो: 'जमाव दुरुस्त करायचा का? चेहरे दाखवू?' खाली 'हो' आणि 'नको'. इथे घाबरू नका, 'नको' दाबा. सगळे तेच दाबतात. मग यंत्र दुसरा पर्याय देतं: लाकूड नवं, सागवान उत्तम, आग कुणी लावली ते कोरं. राजवाडा असा सुंदर उभा राहतो की फोटो काढावासा वाटतो. त्या रात्री ज्यांची दुकानं आणि घरं जळली, त्यांच्यासाठी वेगळं मॉड्यूल आहे म्हणे, पण ते घेताना अजून कुणी दिसलं नाही. होळकरांच्या वैभवात ते बसतही नाही.

याच न्यायाने बाकीचा इतिहासही सुरात आणा. होळकर संघाने रणजी करंडक चार वेळा जिंकला, ते खरं आहे. यंत्र हाताशी असताना चारावर समाधान मानणारा माणूस काय कामाचा? फक्त सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकण्याआधी आकडा एकदा शेजाऱ्यांच्या आकड्याशी जुळवून घ्या.

राहिला प्रश्न कातरणांचा. दुरुस्ती झाली की यंत्राखालच्या ट्रेमध्ये वास्तवाचे कापलेले तुकडे पडतात: कुणाचा तरी उपकार, एखादं दिलेलं वचन, बारावीचे खरे मार्क. 2017 पासून स्वच्छतेत मिरवणारं आपलं शहर, तेव्हा हे रात्री खान नदीत टाकून यायचं नाही. सकाळी कचरागाडी येईल, तिला वेगवेगळे कप्पे असतात. गाडीवरचा मुलगा तुकडा हातात घेऊन उलटापालटा करेल आणि विचारेल, "काका, हे ओल्यात की सुक्यात?" तुकडा अजून ओला असेल तर ओल्यात टाका. आणि कुणाचं आहे असं विचारलं, तर वरच्या मजल्याकडे बोट दाखवा.