चाळीस मजल्यांचं रॉकेट आणि ओलं पोतं

"चाळीस माळे! अख्ख्या यवतमायात हाय का कोन्ती बिल्डिंग चाळीस माळ्याची?"

राजूसेठ असा बोलला की जणू इस्रोचं ते नवं रॉकेट त्याच्याच कृषी केंद्राच्या गोदामात उभं आहे आणि उद्यापासून बुकिंग चालू. पोळा दोन-तीन दिवसांवर आला होता. गजूच्या पानठेल्यावर आमचे नेहमीचे पाच जण. गजू पाटीवर ताणलेल्या पन्नीत सुपारी, तंबाखू, चुना टाकून तळहातानं खर्रा घोटत होता, खस्स खस्स. आमची सभा त्या आवाजावर चालते. आवाज थांबला म्हणजे कुणाचा तरी खर्रा तयार झाला, आणि तो भिडू पुढची दहा मिनिटं तोंड उघडणार नाही.

पवननं मोबाइलवरून वाचून दाखवलं. "इस्रोचे नारायणन साहेब म्हन्ले, कलाम साहेबांचं पयलं रॉकेट १७ टनाचं होतं, ३५ किलो वर नेत होतं. आता ७५ हजार किलो नेनारं बनवून रायलो. प्रश्न येऊ शकते हा."

"तुले किती वर्स झाले बे प्रश्न येऊन येऊन?" दादाराव म्हणाला. पवन एमपीएससीची तयारी करतो. २०४० साली भारतीय माणूस चंद्रावर जाईल तेव्हा पवनची मुख्य परीक्षा असेल, असा ठेल्यावरचा सर्वसाधारण अंदाज आहे.

मी आपला मास्तरकीच्या सवयीनं विचारलं, "पण चांद्रयान-३ आपण आहे त्याच रॉकेटनं पोचवलं ना? मग एवढं धूड कशाला?"

राजूसेठ म्हणाला, "इज्जत हाय सर ते! मोठा देश, मोठं रॉकेट. माह्या दुकानात पाहा, पाच लिटरवाला पंप कोनी घेते का? सारे वीस लिटरवालाच मांगते."

आता बंडूनं हातातला पाना खाली ठेवला. बंडू पाण्याच्या मोटारी रिवायंड करतो. पंचक्रोशीत ज्याची मोटार जळते तो आधी बंडूच्या दारात येतो. तार गुंडाळता गुंडाळता शेजारी मोबाइल उभा करून तो जगातली सगळी रॉकेटं पाहतो. मला विचाराल तर ठेल्यावर ज्याचं ऐकावं असा हा एकच माणूस, पण हे त्याच्या तोंडावर म्हणायची सोय नाही.

"सर, चांद्रयान म्हंजे पार्सल होतं," बंडू म्हणाला. "आपलं एलव्हीएम-३ हाय साडेत्रेचाळीस मीटरचं, ६४० टनाचं. त्यानं पार्सल वर नेऊन सोडलं. मंग थे पार्सल पृथ्वीभोवती फिरत फिरत, दर चकरेले जरा उंच जात, १४ जुलैले निंघालेलं २३ ऑगस्टले उतरलं. चाळीस दिवस. डब्ब्याले काही भूक लागते का? एसटीच्या टपावर टाकलं, जवा पोचन तवा पोचन. मानूस बसवला त चाळीस दिवसाचा शिधा, हवा, पानी सारं संगं पायजे. अमेरिकेचे अपोलोवाले चौथ्या दिवशी चंद्रापाशी होते. मानसाले नेऊन वापस आनाचं त सरळ जा लागते, अन् सरळ जायले मोठं रॉकेट लागते. इज्जतीचं काही नाही त्याच्यात."

"अन् खर्रा?" गुणवंतनं विचारलं.

"तुयासाठी मांगून वेगळं टँकर पाठवू."

पवननं भर घातली. अपोलोचं रॉकेट सॅटर्न ५ उंचीला ११० मीटर, निघताना वजन २,९०० टनांच्या वर. त्यातले चंद्राकडे निघायचे पन्नासेक टनांच्या आत-बाहेर. आणि समुद्रात छत्रीनं परत पडायचा तो डबा पाच-साडेपाच टनांचा.

दादारावनं बोटांवर हिशेब केल्यासारखं केलं. "म्हंजे लावले २,९०० अन् हाती आले पाच. सोयाबीनच म्हना ना मंग."

यावर सेठसुद्धा हसला. हसायला नको होतं त्यानं, पण ते पुढं.

रॉकेट वर जाण्याचं झालं की आमच्याकडं रॉकेट पडण्याचं निघतंच, आणि ते निघालं की गुणवंत उठून जायला पाहतो. त्याची सासरवाडी सिंदेवाहीकडची. २ एप्रिल २०२२, गुढीपाडवा. आम्ही इकडं पुरणपोळी खाऊन ओसरीवर पडलो होतो तर आभाळातून आगीची रांग गेली. अर्ध्या गावाला वाटलं विमान पडलं. गुणवंत मात्र ऐन ठिकाणी होता. सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरीला तीनेक मीटर व्यासाचं धातूचं कडं येऊन पडलं, आसपासच्या शिवारात धातूचे गोळे सापडले. चिनी रॉकेटचा तुकडा असावा, असं पुढं जाणकार म्हणाले. तोवर आमचा जावई सासऱ्याच्या बाजेखाली शिरून देवीला बोलून बसला होता की वाचलो तर खर्रा सोडीन.

"सोडला होता ना!" गुणवंत म्हणाला.

"दुसऱ्या दिवशी धा वाजेलोक," गजू पन्नीवरची नजर न काढता म्हणाला. आमच्या ठेल्यावर सगळ्यांच्या नोंदी त्याच्याकडं असतात.

राजूसेठला मात्र आपली गाडी रुळावर आणायची होती. "चिन्यांचं पडलं, आपलं नाही पडनार. अमेरिकेवाल्याचं पाहा. मोठं बनवलं, गेले, झेंडा रोवला. मोठं बनवलं का काम झालं."

"रशियाचं बी मोठंच होतं सेठ," बंडू म्हणाला. "एन-१. ६९ ते ७२ चार खेपा उडवलं, चारही गेल्या. दुसऱ्या खेपेले, ३ जुलै १९६९ले, पॅडवरच वापस बसलं. पॅडचा चुराडा. तेरा दिवसांनं अपोलो ११ निंघालं."

"किती इंजिनं होते त्याले?"

"खालती तीस."

"अन् सॅटर्नले?"

"पाच."

"मंग रशियाचंच भारी ना बे!"

बंडूनं त्याच्याकडं असं पाहिलं, जसं तो सिंगल फेजवर थ्री फेजची मोटार जोडणाऱ्याकडं पाहतो. "सेठ, त्या इंजिनचे वॉल्व बारुदीनं उघडत. एकदा उघडले का उघडले, पुन्हा बसवाची सोय नाही. तपासायले चालवलं त इंजिन बाद. मंग त्याहीनं काय करावं? सहा इंजिनचा लॉट आला का त्यातले दोन चालवून पाहाचे. दोन पास त बाकीचे चार न चालवताच रॉकेटले लावाचे. अन् तीसच्या तीस संगं बांधून जमिनीवर एकदा बी पेटवून पायले नाही. थेट उडवले."

गजूचा तळहात थांबला. दादाराव खूप सावकाश म्हणाला, "म्हंजे बियान्याच्या थैलीसारखं."

आणि आम्ही सगळे राजूसेठकडं पाहायला लागलो.

ज्याला २०२०चा जून आठवतो त्याला हे सांगायला नको. पाऊस वेळेवर, पेरणी वेळेवर आणि वावरात सोयाबीनच्या तासांच्या जागी नुसती काळी माती. दादारावच्या सहा एकरांतलं काही निघालं नाही. थैली सेठच्या दुकानातली. तक्रार करायला गेला तर पहिला सवाल, पक्कं बिल कुठं आहे? बिल होतं सेठच्या वहीच्या फाडलेल्या पानावर, "सोया ६ बॅग" आणि खाली एक रेघ. तेव्हापासून दादाराव कुठल्याच थैलीवर विश्वास ठेवत नाही. मे संपत आला की वहिनी ओलं पोतं अंथरतात, त्यावर दहा-दहाच्या ओळीत शंभर दाणे मांडतात, दुसरं पोतं झाकून गुंडाळतात आणि चार-पाच दिवस पाणी शिंपडत राहतात. मग उघडून कोंब मोजायचे. मी पाहिलंय, वहिनी बोट लावून मोजतात आणि वाकडा कोंब धरत नाहीत. सत्तर निघाले तर पेरायचं, नाहीतर थैली वापस.

"सीलबंद माल होता," सेठ म्हणाला. "टॅग लागला होता. मी काय थैली फोडून पाहू?"

"रशियावाले बी हेच म्हनत असतीन," बंडू म्हणाला.

"अन् अमेरिकेवाले काय बेनं चावून पाहात होते?"

"चावून नाही, बाँब लावून. सॅटर्नच्या मोठ्या इंजिनात आग थरथरे. ऑक्सिजन-इंधन कसं बी भडके अन् सेकंदाच्या आत इंजिन फाटे. कारन धड कोनाले समजे ना. मंग त्याहीनं काय केलं, चालू इंजिनात मुद्दाम लहान लहान बाँब फोडले. आग हालते किती, अन् हालली त आपोआप शांत होते का? फवाऱ्याच्या पाटीवर आडव्या पडद्या बसवल्या, छिद्रं बदलले, पुन्हा बाँब. शेकड्यानं नाही सेठ, हजारानं चाचन्या. पोतं उलगडून उलगडून पायलं त्याहीनं. म्हनून १३ सॅटर्न उडाले, एक बी फुटला नाही."

पवन म्हणाला, "पण मस्कचं स्टारशिप त फुटूनच रायलं ना? २०२५ च्या जूनमध्ये जागेवरच फुटलं. २०२३ च्या एप्रिलात खालचं काँक्रीट बी उडालं होतं."

"थो मोठ्या वावरवाला हाय. थो पोत्यात नाही, वावरातच पेरून पाहाते निंघते का. त्याले परवडते." पण बंडूचा आवाज जरा नरमला. "एक आहे, खालचं धूड टॉवरनं हवेत झेललं ना, त्या दिवशी मी हातातली वाइंडिंग सोडून पायलं."

मी विचारलं, "आणि नासाचं स्वतःचं? एसएलएस?"

बंडू आधी खूश झाला. "थे आपल्या लाइनीतलं हाय सर. स्पेस शटलचे जुने इंजिन काढले, दुरुस्त केले, लावले. रिवायंडिंगच! २०२२ च्या नोव्हेंबरात उडवलं. पन एकदा उडलं का चारही इंजिन समुद्रात. सांगा मले, चांगली रिवायंड केलेली मोटार कोनी मुद्दाम हिरीत फेकते का? त्यांच्याच तपासनिसानं हिशेब सांगतला, एका उड्डानाले ४.१ अब्ज डॉलर."

"म्हंजे किती बॅगा?" दादारावनं विचारलं.

"सहा बॅगा अन् खाली एक रेघ."

सेठ लाल झाला. गजूनं त्याचा खर्रा पुढं केला, म्हणजे आता तरी गप बसेल. पण सेठनं तो हातातच धरून ठेवला. मग एकदम म्हणाला, "तुमाले वाटते सेठनं डुबवलं. माह्या चार एकरात बी थेच पेरलं होतं मी. थेच लॉट. एक दाना निंघाला नाही. दुबार पेरनी केली."

हे आम्हाला कुणालाच ठाऊक नव्हतं. पाच वर्षं आम्ही या माणसाला रोज टोमणे मारत होतो.

"मंग तवा बोलला काऊन नाही बे?" दादाराव म्हणाला.

"दुकानात बसून सांगू का, माह्याच दुकानातलं बेनं माह्याच वावरात निंघालं नाही म्हनून?"

बंडूचा चेहरा पडला होता. पण मोटारवाला माणूस, फॉल्ट सापडेपर्यंत सोडत नाही. "मंग नुकसानभरपाईचा अर्ज त केला असशीन?"

"केला होता."

"मंग?"

सेठनं इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं. "पक्कं बिल मांगे."

दोन सेकंद कुणाला कळलंच नाही. मग आधी दादाराव फुटला, मग पवन, मग मांडी बडवत खुद्द राजूसेठ. गुणवंतच्या तोंडात नुकताच टाकलेला खर्रा. त्याला हसता येईना, थुंकता येईना. शेवटी सगळा गिळला आणि उचक्या देत ठेल्याच्या खांबाला धरून उभा राहिला. गजू पाण्याचा लोटा शोधत होता आणि बंडू ओरडत होता, "अबे बोल, देवीले बोल लवकर, आता तरी सोडतो म्हनून!"