बाबांच्या डायरीतली एक फेरी

नोव्हेंबरात आई-बाबांना घेऊन जपानला जाऊन आले, तेव्हापासून इनबॉक्समध्ये एकच प्रश्न येतोय. ‘ओसाकाहून ती एका दिवसाची बस टूर असते ना, ती घ्यावी का गं?’ सकाळी ओसाकातून निघायचं, क्योतोतली दोन-तीन ठिकाणं, मग नारा, अंधार पडल्यावर परत. प्रत्येकीला वेगळं उत्तर टाइप करून बोटं दुखली, म्हणून इथे एकदाच लिहिते. पोस्ट लांब आहे, चहा घेऊन बसा.

आधीच कबूल करते, मी या टूरच्या विरोधात होते. जपानला जाऊन बसने फिरायचं म्हणजे मालवणात जाऊन पनीर मागवायचं, असं माझं ठाम मत होतं. पण आईचे गुडघे आणि बाबांची त्र्याहत्तरी यांच्यापुढे माझं मत किती टिकणार? ट्रेनने हीच ठिकाणं एका दिवसात करायची तर चार-पाच वेळा गाडी बदलायची. लिफ्ट जवळजवळ प्रत्येक स्टेशनवर असते, पण ती नेमकी फलाटाच्या दुसऱ्या टोकाला असते. हे मला आधीच्या दोन दिवसांत कळून चुकलं होतं, आणि आईने बोलून दाखवलंही होतं.

तर माणशी ८,५०० येन भरले. त्या वेळच्या भावाने पाच हजार रुपयांच्या जरा आत. जेवण त्यात नाही, किंकाकुजी या क्योतोतल्या देवळाचं ५०० येनचं तिकीटही त्यात नाही. तुलनेसाठी सांगते, ओसाकातल्या नाम्बाहून नाराला किंतेत्सु या खासगी रेल्वेची गाडी ६८० येनमध्ये पाऊण तासाच्या आत पोचवते, क्योतो स्टेशनहून फुशिमी इनारीच्या देवळाला जायला १५० येन आणि पाच मिनिटं. टूरमधली चारही ठिकाणं (क्योतोतली अराशियामा, किंकाकुजी, इनारी आणि मग नारा) आपली आपण केली तर गाडीभाडं अडीच हजार येनच्या आसपास जातं. म्हणजे वरचे सहा हजार येन कशाचे, हा खरा प्रश्न.

आता बाबांबद्दल. बाबा एसटीतून वाहतूक नियंत्रक म्हणून निवृत्त झाले. जन्मभर गाड्या किती वाजता आल्या, किती वाजता सुटल्या हे लिहीत बसलेला माणूस. निवृत्तीनंतरही शर्टाच्या खिशात छोटी डायरी असतेच. त्यामुळे खाली जो हिशोब देतेय तो बाबांचा आहे, वाद घालायचा तर त्यांच्याशी घाला.

नाम्बाहून ८.००. अराशियामा ९.२०, तिथून १०.५०. किंकाकुजी ११.२०, तिथून १२.०५. नारा १३.२५, तिथून १५.०५. फुशिमी इनारी १६.१०, तिथून १७.१०. नाम्बा १८.३२.

बेरीज केलीत तर चार ठिकाणी मिळून जमिनीवर आम्ही ४ तास ५५ मिनिटं होतो. उरलेले साडेपाच तास बसमध्ये. मी हा हिशोब हॉटेलात आल्यावर केला आणि मला भयंकर राग आला. तो राग पुढे थोडा निवळला, त्याबद्दल सांगतेच. पण बुकिंग करताना वेबसाइटवर चार देखणे फोटो असतात आणि मधले साडेपाच तास कुठेच नसतात, एवढं लक्षात ठेवा.

अराशियामाचं बांबूचं बन साडेनऊला बघण्यात काही अर्थ नाही. वाट काही शे मीटरची आणि तेवढ्यात दादर स्टेशनवर सहा वाजता असते तेवढी गर्दी. ते बन सकाळी सातच्या आधी बघायचं, म्हणजे क्योतोत मुक्काम हवा. तिथलं तेनर्यूजी, १३३९ सालचं देऊळ, त्याची बाग अप्रतिम आहे असं ऐकून होते. दीड तासात बन, पूल, फोटो, स्वच्छतागृहाची रांग आणि आईचा चहा. देऊळ बाहेरून पाहिलं. आईला एकूणच जपानी बागांचं फार कौतुक नव्हतं. ‘आपलं सिंहगड रोडचं उद्यान काय वाईट आहे?’ म्हणाली. तिला सांगितलं की ती बाग इथल्याच ओकायामाच्या बागेवरून केलीय. तर म्हणे, ‘मग पाहिलीच की.’

किंकाकुजीच्या बाबतीत मात्र बसला पैकीच्या पैकी. त्या सोन्याच्या देवळाजवळ रेल्वे नाही. क्योतो स्टेशनहून सिटी बसने चाळीस मिनिटं तरी लागतात, तीही बहुधा उभ्याने, कारण तिथल्या बस पर्यटकांनी ओसंडून वाहतात. शिवाय आत जाता येत नाही. तळ्याच्या काठाने एकेरी वाट आहे, माणसं पुढे सरकत राहतात, पाऊण तास पुरून उरतो. खालचा मजला साधा लाकडी, वरचे दोन सोन्याच्या वर्खाचे. १९५० मध्ये तिथल्याच एका शिकाऊ भिक्षूने ते जाळलं आणि १९५५ मध्ये पुन्हा उभं राहिलं. गाइडने हे सांगितल्यावर बाबांना त्या भिक्षूचं पुढे काय झालं याचीच काळजी. तिकीट म्हणून जो कागद देतात तो चक्क देवळाचा ताईतासारखा पट्टा असतो. आईने तो जपून आणलाय, सध्या आमच्या देव्हाऱ्यात आहे, बालाजीच्या मागे.

जेवणाचं. आई अंडंही खात नाही. टूरवाले नारात ‘आपापलं जेवा’ म्हणतात आणि त्या शंभर मिनिटांतच जेवायचं असतं. शाकाहारी हॉटेल शोधायला तेवढ्यात वेळ नसतो, आणि दिसायला शाकाहारी असलेल्या सूपमध्येही माशाचा अर्क असतो. आम्ही पुण्याहून दशम्या नेल्या होत्या. बसमध्ये आईने लसणाच्या चटणीचा डबा उघडला आणि गाइड अतिशय नम्रपणे, दोनदा वाकून, मागे येऊन म्हणाला की उग्र वासाचे पदार्थ शक्यतो बाहेर. आईने तेवढ्याच नम्रपणे डबा बंद केला. मग नाराच्या हिरवळीवर बसून जेवलो. २०० येनच्या हरणांच्या बिस्किटांपेक्षा हरणांना आमच्या दशम्यांत जास्त रस होता, आणि एकाने बाबांच्या हातातला टूरचा कागद अर्धा खाल्ला. (कागद, प्लास्टिक त्यांच्या पोटात जाऊ देऊ नका, हरणं त्याने खरंच मरतात. डायरी वाचली.)

आता गाइड. साठीच्या आसपासचे गृहस्थ, बोलणं मृदू. अडचण त्यांची नव्हती, बसची होती. बस दोन भाषांची होती. प्रत्येक गोष्ट आधी इंग्रजीत, मग चिनीत. त्यामुळे बोलायला वेळ असला तरी आपल्या वाट्याला निम्माच येतो, आणि त्यातलंही अर्धं ‘किती वाजता, कुठल्या पार्किंगमध्ये’ यात जातं. नाराच्या तोदाइजी देवळातल्या महाबुद्धाच्या मूर्तीसमोर आम्हाला मिळालं ते एवढं: उंची सुमारे १५ मीटर, वर्ष ७५२, तीन वाजून पाच मिनिटांनी बसमध्ये.

मी जाण्याआधी थोडं वाचलं होतं. ७५२ मध्ये या मूर्तीचे डोळे उघडण्याचा विधी झाला, म्हणजे आपल्या प्राणप्रतिष्ठेसारखाच, तो करणारा भिक्षू भारतीय होता. बोधिसेन. ७३६ मध्ये समुद्रमार्गे जपानला आला, तो पुन्हा परत गेला नाही. त्याच्या हातातल्या कुंचल्याला लांब दोऱ्या बांधल्या होत्या आणि त्या दोऱ्या जमलेल्या लोकांनी धरल्या होत्या, डोळे रेखण्यात सगळ्यांचा हात लागावा म्हणून. तो कुंचला आणि दोरी तिथल्याच शोसोइन भांडारात अजून जपून ठेवलीय. बाराशेपेक्षा जास्त वर्षं!

देवळातून परत चालताना मी गाइडना सहज विचारलं, बोधिसेनबद्दल तुम्ही काही सांगत नाही का? ते थबकलेच. ‘बोदाइसेन्ना!’ म्हणाले, आणि पार्किंगपर्यंतची दहा मिनिटं असे काही बोलले की सकाळपासून हाच माणूस बसमध्ये होता यावर विश्वास बसेना. सगळं माहीत होतं त्यांना. कुठल्या सम्राटाने मूर्ती करवली, तांबं कुठून आणलं, देवीच्या साथीनंतर देश कसा हादरला होता. मग इतका वेळ का नाही सांगितलं? ‘कोणी विचारत नाही आणि वेळ नसतो,’ एवढंच म्हणाले.

त्यामुळे माझा पहिला सल्ला: टूर घेतलीत तर पुढच्या सीटवर बसा आणि विचारा. एकाच भाषेची बस शोधा, थोडे पैसे जास्त पडले तरी. आणि एक लक्षात असू द्या, जपानमध्ये पूर्वी पैसे घेऊन परदेशी भाषेत गाइडचं काम करायला राष्ट्रीय परवाना लागायचा. २०१८ च्या जानेवारीपासून कायदा बदलला, आता कोणीही करू शकतं. परवाना असलेले अजूनही आहेत, परीक्षा अवघड असते. बुकिंगच्या वेळी विचारायला काही हरकत नाही.

इनारीला पोचलो तेव्हा सूर्य मावळतीला होता. हजारो लाल तोरी कमानी, एकीला एक चिकटून. प्रत्येक कमानीच्या मागच्या बाजूला देणगीदाराचं नाव, बहुतेक कंपन्या आणि दुकानं. इनारी ही भाताची आणि भरभराटीची देवता, त्यामुळे धंदेवाल्यांची गर्दी. बाबा म्हणाले, ‘म्हणजे आपल्या देवळातल्या पंख्यावर नाव असतं तसंच.’ अगदी तसंच. पूर्ण डोंगर चढून उतरायला दोन-तीन तास हवेत, गर्दीही वर गेल्यावरच विरळ होते. आम्हाला एक तास मिळाला. पण इथे तक्रार नाही, कारण देऊळ चोवीस तास उघडं आणि फुकट आहे. पुन्हा केव्हाही जाता येतं, आणि मी दोन दिवसांनी पहाटे एकटीने गेलेही.

बस सुटायला तिथे उशीर होत होता. दोन मुली आल्या नव्हत्या. ड्रायव्हर घड्याळाकडे बघत होता, गाइडकाका फोन लावत होते. मी बाबांना म्हटलं, थांबतील ना? बाबा म्हणाले, ‘पाच मिनिटं. त्यावर नाही थांबणार, थांबूही नये.’ मुली धावत आल्या आणि १७.१० ला गाडी हलली. मग गाइडनी सांगितलं, २०२४ च्या एप्रिलपासून जपानात बस-ट्रक चालकांच्या जादा कामावर वर्षाला ९६० तासांची मर्यादा आलीय, चालकांची टंचाई आहे, त्यामुळे दिवसाचे तास काटेकोर धरावे लागतात. हे मी मराठीत सांगितल्यावर बाबा इतके खूश झाले की काय सांगू. आयुष्यभर डबल ड्यूटी केलेले चालक त्यांनी पाहिलेत.

आणि इथेच माझ्या साडेपाच तासांच्या हिशोबाची वाट लागली. मी ज्याला वाया गेलेला वेळ म्हणत होते तो बाबांचा सगळ्यात आवडता वेळ होता. पांढरे हातमोजे घातलेला चालक, प्रत्येक थांब्याला खाली उतरून पायरीशी उभा राहणारा. टोलनाके, लेन न मोडणारे ट्रक. इनारीच्या पार्किंगमध्ये त्यांनी ड्रायव्हरला मोबाइलमधला लाल परीचा फोटो दाखवला. बाबा मराठीत, मी इंग्रजीत, गाइड जपानीत. ड्रायव्हरने विचारलं, दिवसाला किती किलोमीटर? बाबांनी आकडा सांगितला. ड्रायव्हरने टोपी काढून मान झुकवली. आईचंही तेच. खिडकीतून भाताच्या कापलेल्या खाचरांकडे बघत राहिली, गुडघे लांब करून. तिला त्या दिवशी स्टेशनचा एकही जिना चढावा लागला नाही.

मग ते वरचे सहा हजार येन जिन्यांचे होते, असं समजा. आई-वडील बरोबर असतील, क्योतो-नारासाठी एकच दिवस असेल, तर द्या. तुम्ही तिशी-चाळिशीत असाल, चालायला धडधाकट असाल, तर देऊ नका. आणि लहान मुलं असतील तर मुळीच नको, दर दीड तासाने ‘चला चला’ ऐकून ती रडकुंडीला येतात, आमच्या मागच्या सीटवर आलंच होतं एक. हो, कंपनीचं नाव कमेंटमध्ये विचारू नका. सगळ्यांचा मार्ग जवळपास तोच, बसचा रंग वेगळा.

नाराला मात्र स्वतंत्र दिवस द्याच. आम्ही दोन दिवसांनी पुन्हा गेलो, किंतेत्सुने. तिथे विद्यार्थ्यांचे स्वयंसेवी गाइड गट आहेत. आधी नोंदणी करायची, ते मानधन घेत नाहीत, त्यांचा तिकीट-प्रवासाचा खर्च तेवढा बघायचा. आमच्याबरोबर कॉलेजची एक मुलगी होती. इंग्रजी अडखळत, हातात चित्रांची फाइल. तिने तोदाइजीत सांगितलं की ही मूर्ती ११८० आणि १५६७ च्या लढायांत जळाली, सध्याचं डोकं सतराव्या शतकाच्या अखेरचं आहे. म्हणजे बोधिसेनने उघडलेले डोळे आता नाहीत. मला हे माहीत नव्हतं, जरा चुटपुट लागली. आई म्हणाली, ‘दोरी आहे ना, मग झालं.’

मग त्या मुलीने आम्हाला कोफुकुजी देवळाच्या संग्रहालयात नेलं, जे बसच्या यादीत नव्हतंच. तिथे ७३४ सालचा अशुरा आहे. आपला असुर. तीन तोंडं, सहा हात, आणि चेहरा कोवळ्या मुलाचा, कपाळावर किंचित आठी. लाखेचा आणि तागाच्या कापडाचा, आतून पोकळ, त्यामुळे हलका. आगी लागल्या तेव्हा भिक्षूंनी उचलून बाहेर काढला म्हणून वाचला. आई त्याच्यासमोर वीस मिनिटं उभी होती, गुडघ्यांचं नावही न काढता. निघताना तिने त्या मुलीच्या हातात चिक्कीचं पाकीट ठेवलं. ती घेईना, आई ऐकेना.

परवा बाबांना विचारलं, पुन्हा गेलो तर बस की ट्रेन? त्यांनी डायरी काढली, १८.३२ वर बोट ठेवलं, ‘दोन मिनिटं लेट’ म्हणाले, आणि मग, ‘ड्रायव्हर तोच असला तर बस.’